वहीबाच्या चार हजार काचा

वहीबाला नोकरीतून मोकळं व्हायला दीड वर्ष उरलं होतं, आणि नेमक्या त्याच हिवाळ्यात पक्ष्याच्या मेंदूतल्या एका भागाचं नाव बदललं.

आसी नदीकाठच्या गावातल्या पशुवैद्यक कॉलेजात, शरीररचना विभागाच्या मागच्या खोलीत, ती चौतीस वर्षं एकच काम करत आली होती. कबुतराचा नाहीतर कोंबडीचा मेंदू कवटीतून अख्खा काढायचा, मेणात बसवायचा, यंत्रावर कांद्याच्या पापुद्र्याहून पातळ कापायचा. ते काप कोमट पाण्यावर तरंगले की काचेवर अलगद उचलून घ्यायचे आणि जांभळ्या रंगात बुडवायचे. शेवटी काचेच्या टोकाला कागदाची चिठ्ठी चिकटवून त्यावर काळ्या शाईने नाव लिहायचं. तिचं अक्षर इतकं नेटकं होतं की विद्यार्थी काचेतला मेंदू विसरत, पण चिठ्ठी विसरत नसत. सगळे तिला खाला, म्हणजे मावशी, म्हणत. औषधांच्या वासाने तिचं नाक कधीच मेलं होतं. आता डोळे आणि बोटंही त्याच वाटेला लागली होती.

बहुतेक चिठ्ठ्यांवर एकच नाव होतं: ‘नवा पट्टेदार भाग’. पक्ष्याच्या पुढच्या मेंदूचा मोठा तुकडा. हे अरबी नाव डॉक्टर वस्फींनी बसवलं होतं, आणि त्यांच्या पुस्तकावर सव्वीस तुकड्या शिकून गेल्या होत्या. वस्फी आता घरी बसले होते. त्यांच्या जागी डॉक्टर लुबाना आली, परदेशातून नुकती शिकून आलेली, जिन्याच्या दोनदोन पायऱ्या एकदम चढणारी.

एका सकाळी ती मागच्या खोलीत आली आणि कपाटासमोर उभी राहिली.

“खाला, या सगळ्या काचा तुम्ही केल्यात?”

“भुतं तर येऊन करत नाहीत. का गं, फुटली का एखादी?”

“फुटली नाही. नाव बदललंय. ‘पट्टेदार’ म्हणायचं नाही आता.”

वहीबाने हातातला चिमटा खाली ठेवला. “कुणी ठरवलं?”

“जगभरातले लोक एकत्र बसले आणि ठरवलं. निडोपॅलियम म्हणायचं. निडो म्हणजे घरटं, पॅलियम म्हणजे अंगावरची शाल.”

“घरट्याची शाल,” वहीबा म्हणाली. “आणि पट्ट्यांचं काय बिघडलं होतं?”

लुबाना स्टूल ओढून बसली. तिने नीट समजावून सांगितलं. जुन्या लोकांना वाटायचं की पक्ष्याला विचार करणारा मेंदू जवळपास नसतोच; जे आहे ते सवयीने पंख हलवण्यापुरतं, माणसाच्या मेंदूत अगदी तळाशी असतं तसं. त्या तळातल्या भागाला पट्टेदार म्हणतात, म्हणून पक्ष्याच्या या भागालाही तेच नाव दिलं. आता कळलंय की हा तळ नव्हेच. माणसात जी वरची शाल विचार करते, तिच्याच गोतातला हा भाग. वरच्या भागाला खालून घरट्यासारखा धरून बसतो, म्हणून घरटं.

“म्हणजे चौतीस वर्षं मी चुकीचं लिहीत होते,” वहीबा म्हणाली.

“काप बरोबरच आहेत की, खाला. नुसतं नाव चुकलं होतं.”

“काप कोण वाचतं, पोरी? सगळे चिठ्ठीच वाचतात.”

आमच्याकडे शिकवायचं ते अरबीत, त्यामुळे या नावाला अरबी कपडे चढवणं भाग होतं. चार प्राध्यापक शेगडीभोवती बसले आणि वहीबा चहा देत राहिली. एक जण म्हणाला, शाल कशाला, माणसाच्या मेंदूला आपण ‘साल’ म्हणतो, इथेही सालच म्हणा. लुबानाने मान हलवली. साल म्हटलं की थरावर थर डोळ्यांपुढे येतात, पक्ष्यात तसे थर नसतात, पेशींचे पुंजके असतात. दोन बैठका या सालीतच सोलून निघाल्या. तिसऱ्या बैठकीत ‘रिदा’ म्हणजे शाल आणि ‘उश्शी’ म्हणजे घरट्याची, असं फळ्यावर लिहिलं गेलं.

सर्वांत वयस्कर प्राध्यापकांनी चष्मा वर केला. “रिदा अशी? संध्याकाळची शाल? कुणाची, माझ्या सासूची?”

सगळे हसले. लिहिताना अक्षरांवरच्या बारीक खुणा आम्ही कुणीच देत नाही, आणि त्या नसल्या की ‘उश्शी’चं ‘अशी’ होतं, घरट्याची संध्याकाळ होते. परीक्षेत निम्मी पोरं संध्याकाळच लिहिणार, यावर एकमत झालं. पुन्हा साल पुढे यायला लागली.

वहीबा रिकामे पेले गोळा करत होती. तिच्या तोंडून निघून गेलं, “खुणा दिल्या तर घोटाळा होणार नाही.”

“सगळ्या काचांवर? कोण देणार?”

“मी नाही तर कोण देणार?”

बोलून झालं आणि तिला कळलं की आपणच आपल्या गळ्यात धोंडा बांधून घेतला. चार हजार दोनशे काचा होत्या. प्रत्येकीवर दोन जादा खुणा.

घरी भाऊ सुबही होता. दोघांचीही लग्नं झाली नव्हती आणि कारण एकच: छतावरची कबुतरं. वडील कबुतरबाज, मग सुबही कबुतरबाज. आमच्याकडे कबुतरबाजाच्या घरची मुलगी कुणी मागत नाही. दुसऱ्याची पाखरं भुलवून आणतो आणि माझीच म्हणून शपथ घेतो, अशी त्या जातीची कीर्ती. वहीबासाठी दोन स्थळं आली होती. दोन्ही गच्चीवरची जाळी पाहून जिन्यातूनच परतली.

सुबहीची गोष्ट याहून वाईट. बारा वर्षांपूर्वी गल्लीतल्या सुताराला एका ट्रकने चिरडलं होतं. त्याचा पाय गेला. ट्रक उलटा, मागे येत होता हे सुबहीने छतावरून स्वच्छ पाहिलं होतं. तो इस्त्रीचा शर्ट घालून कोर्टात गेला. ड्रायव्हरच्या वकिलाने एवढंच विचारलं, “आपण त्या वेळी छतावर काय करत होतात?” सुबही खोटं बोलला नाही. कबुतरं उडवत होतो, असं त्याने सांगितलं, आणि खोलीत हसण्याची लाट उठली. कबुतरबाजाची शपथ म्हणून त्याची साक्ष धरलीच नाही. तेव्हापासून तो सुताराच्या दुकानावरून जात नसे, लांबून वळसा घालून भाकरी आणायचा.

त्या संध्याकाळी लबने, म्हणजे चक्क्यासारखं घट्ट दही, आणि काकडी पुढ्यात घेऊन वहीबाने त्याला नव्या नावाचा अर्थ सांगितला.

“म्हणजे कबुतर विचार करतं,” सुबही म्हणाला. “हे कळायला त्यांनी किती मेंदू कापले?”

“मीच कापले निम्मे.”

“मला विचारायचं होतं. फुकट सांगितलं असतं.”

“तुझं कोण ऐकतंय?” ती सहज बोलून गेली, आणि त्याचा हात भाकरीवर थांबला. तिने लगेच ताट त्याच्याकडे सरकवलं. “खा रे. दमलेय मी, जिभेवर ताबा नाही राहिला.”

“खरंच बोललीस,” तो म्हणाला आणि जेवला.

दुसऱ्या दिवसापासून तिने काचा उतरवायला सुरुवात केली. ओल्या फडक्याखाली दहादहा काचा ठेवायच्या, चिठ्ठी फुगली की पात्याने खरवडायची, पुसायची, वाळवायची, नवी चिकटवायची. रिदा उश्शी, वर खुणा. रोजचं काम सांभाळून दिवसाला दहाबारा व्हायच्या, कधी आठ. दुपारनंतर खुणा डोळ्यांपुढे माशांसारख्या उडायच्या. आपण जास्त खरं काहीतरी लिहितोय याचा आनंद होईल, असं तिला वाटलं होतं. तसं काही झालं नाही. मान दुखली, एवढंच. जुन्या चिठ्ठ्यांत तिचं तरुणपणचं अक्षर होतं, उंच आणि ताठ. ते खरवडून तिथे ती आताचं वाकडं अक्षर लावत होती. लुबाना म्हणाली, छापून घेऊ या. वहीबा नाही म्हणाली. का नाही म्हणाली ते तिलाही सांगता आलं नसतं.

मार्चमध्ये डॉक्टर वस्फी आले. काठी टेकत मागच्या खोलीच्या दारात उभे राहिले. टेबलावर खरवडलेल्या कागदांचा ढीग होता आणि त्यांनी दिलेलं नाव त्यात शेकडो वेळा पडलं होतं.

“तूसुद्धा, वहीबा?”

ती उठून उभी राहिली. “डॉक्टर, मी नुसता हात आहे. तुम्ही सांगितलंत ते लिहिलं, आता डॉक्टर लुबाना सांगते ते लिहिते.”

“बस, बस.” ते स्वतःही बसले. मग एक काच उचलून खिडकीकडे धरली. “मी ते मूळ जर्मन पुस्तकातून उचललं होतं. तपासलं नव्हतं. कबुतराकडे पाहिलंसुद्धा नव्हतं कधी, जेवणाच्या ताटाशिवाय.”

वहीबाला हसू आलं आणि ते त्यांनी पाहिलं.

त्यांनी पिशवीतून आपल्या पुस्तकाची स्वतःची प्रत काढली. कडा पिवळ्या पडलेल्या, बांधणी सुटलेली. “एकशे अकरा ठिकाणी आहे. मी मोजलं. माझा हात थरथरतो, नाहीतर तुला सांगितलं नसतं. दुरुस्त करून देशील? खुणांसकट.”

“पुस्तक आता कोण वाचणार, डॉक्टर?”

“मी,” वस्फी म्हणाले.

तिने काचा बाजूला सारल्या. तीन दुपारी ते दोघे त्या खोलीत बसले. ते पान काढून द्यायचे, ती एक बारीक रेघ मारून वर नवं नाव लिहायची. जुनं खरवडायचं नाही, असं त्यांनीच सांगितलं. मधे ते झोपी जायचे आणि ती पान स्वतःच शोधायची. तिसऱ्या दिवशी शेवटची दुरुस्ती झाल्यावर त्यांनी पुस्तक छातीशी धरलं, तिला दुआ दिली आणि विचारलं, “तुझा भाऊ अजून कबुतरं उडवतो का?”

“उडवतो.”

“त्याला सांग, मी येईन एकदा बघायला.”

ते आले नाहीत. उन्हाळ्यात त्यांना पक्षाघात झाला. पण वहीबाने निरोप घरी सांगितला तेव्हा सुबहीने दोन दिवस गच्ची झाडली, पाण्याची भांडी घासली, आणि एक खुर्ची वर नेऊन ठेवली.

पुस्तकाच्या त्या तीन दुपारींनंतर वहीबाने काचांवरची जुनी चिठ्ठी खरवडणं सोडलं. तिच्याच खाली नवी लावू लागली. लुबानाने एकदा पाहिलं आणि काच परत जागेवर ठेवली. दीड वर्ष संपलं तेव्हा नऊशे काचा राहिल्या होत्या. निरोपाच्या दिवशी मिठाई आली, भाषण झालं, त्यात कुणीतरी रिदा अशी म्हणालं आणि मागे बसलेल्या विद्यार्थ्यांनी एका सुरात “उश्शी!” करून दुरुस्त केलं. वहीबाला झोप येत होती. ती बसमध्ये खिडकीला डोकं टेकून झोपली आणि दोन थांबे पुढे जाऊन उतरली.

पावसाळी दिवसांत एकदा लुबानाचा फोन आला.

“खाला, जांभळा रंग धरत नाहीये. काप फिके पडताहेत.”

“पाणी कोमट घेतेस का?”

“हो.”

“मग घाई करतेस. रंगात टाकलं की बाजूला हो, चहा पी. पेला संपला की काढ.”

“आणि त्या नऊशे?”

वर छतावर सुबहीची शीळ चालली होती.

“राहू देत,” ती म्हणाली. “ज्याला वाचायचंय तो विचारेल.”