बाबारावचा नऊशे नव्वद

बाबाराव नावाचा एक गृहस्थ वर्ध्यातल्या एका इस्पितळात रेकॉर्ड क्लार्क होता. कोणत्या इस्पितळात ते सांगत नाही. तिथले लोक अजून मला चहा पाजतात. राहायचा सिंदी मेघेला. काम एकच, केसपेपरावर नंबर घालायचा. जगातल्या प्रत्येक दुखण्याला नंबर असतो म्हणे, आणि इजा कशानं झाली त्याला आणखी वेगळा, पुढं इंग्रजी ई लावलेला. एकोणऐंशीच्या सुमारास हे नंबर बदलले, तेव्हा बाबारावला शिकायला नागपूरला पाठवलं. गेला तेव्हा माणूस होता; परत आला तो विद्वान होऊन, काखेत जाडजूड इंग्रजी पुस्तक घेऊन.

पुस्तक लाल फडक्यात बांधलेलं. हात लावायचा तर आधी हात धुवायचे, असा हुकूम. शेजारच्या नलूला जुलाब लागले तर हा तिच्या आईला म्हणतो, "वहिनी, ही नऊमध्ये बसते."

"नऊमध्ये कुठची भाऊजी," ती म्हणाली, "सकाळपासून संडासातच बसून राह्यली ते."

असा हा विद्वान. पण रोग्याशी बोलणं त्याला कमीपणाचं वाटे. डॉक्टर घाईत नुसतं 'भाजले' लिहून मोकळे होत. कशानं भाजलं हे विचारायला खाटेपर्यंत चालत जावं लागे, आणि भाजलेल्यांच्या वॉर्डात वास येतो. म्हणून यानं घरचा नियम काढला: बाई जळाली म्हणजे स्टोव्ह, पुरुष जळाला म्हणजे बिडी, पोर जळालं म्हणजे दिवाळी. मे महिन्यातसुद्धा दिवाळी! पोलिसांत जाणारा कागदही हाच भरायचा, आणि त्याच अकलेनं.

चौऱ्याऐंशीचा उन्हाळा असावा. गिरडकडच्या एका माळावर फौजेचा सराव चालला होता. धूर सोडणारा एक तोफगोळा भलतीकडेच वाळल्या गवतात पडला. तिकडं जिजाबाई नावाची एक लेकुरवाळी शेण वेचत होती. वारा सुटलेला, गवत पेटलं, पाय अन् पाठ जळाली. जवानांनीच तिला उचलून फौजेच्या ट्रकमधून इस्पितळात आणलं. ट्रक फाटकात अडकला, तो अर्ध्या वर्ध्यानं पाहिला. बाबारावनंही खिडकीतून पाहिला. ट्रकचा धक्का लागून आपली सायकल पडली, म्हणून तक्रारसुद्धा केली. मग खुर्चीवर बसून शांतपणे कागद भरला: राहत्या घरी, स्टोव्हनं, पदर पेटून. ई आठशे त्र्याण्णव.

त्या दिवसांत घरोघरच्या सुना जाळल्याच्या बातम्या येत. पोलीस जागे झाले होते, आणि चांगलंच झालं होतं. त्यांनी कागद वाचला आणि जिजाबाईच्या नवऱ्याला, कवडूला, उचललं. बिचारा ओरडत होता, "साहेब, आमच्या घरी इश्टोच नाई!" हवालदार म्हणाला, "म्हणजे विकला असशील." जिजाबाई तापात बरळत होती, तिची साक्ष कोण घेणार? फौजेनं तळ हलवला होता. ट्रकमधून आणली हे हवालदाराला मान्य होतं. पण जळाली कुठं, हे कागदात होतं ना!

कवडूची आई देवकाबाई वॉर्डात सुनेच्या उशाशी बसलेली. मलमपट्टी करणारा बंडूजी तिला हळूच म्हणाला, "मावशी, ठाण्यात जाऊन काई होत नाई. कागद त्या समोरच्या खिडकीतून गेला."

देवकाबाई खिडकीशी गेली. "बाबू, माही सून गवतात जळाली, फौजेच्या गोळ्यानं. तुमी इश्टो काऊन लिवला? माया पोराले कोंडून ठेवलं ना!"

बाबारावनं लाल फडकं सोडलं. बोट फिरवत फिरवत म्हणाला, "तसा नंबर आहे, बाई. ई नऊशे नव्वद. युद्धकार्यातील आगीमुळे झालेली इजा. परंतु युद्ध जाहीर झालेलं नाही."

"फौज हिंडे, गोळे फुटे, माणूस जळे," देवकाबाई म्हणाली, "मंग ते काय लगीन होतं?"

रांगेतले लोक हसले. बाबारावचे कान लाल झाले. "तुला समजायचं नाही. तो नंबर नागपूरच्या क्लार्कनंसुद्धा आजवर लिहिलेला नाही!"

म्हातारीनं पदर खोचला. मग मागच्या लोकांकडे वळून मोठ्यानं म्हणाली, "चला बापू, आपण नागपूरले जाऊ. याच्यानं नाई होत. पुस्तक मोठ्ठं हाय, पन याले मोठे नंबर लिवाची परमिशन नसन."

झालं! जे सुनेच्या किंकाळ्यांनी झालं नाही, पोराच्या कोठडीनं झालं नाही, ते या एका टोमण्यानं झालं. "परमिशन? मला?" बाबाराव उभाच राहिला. शाईचं पेन उघडून त्यानं नवा कागद केला, ठळक अक्षरांत ई नऊशे नव्वद लिहिलं, खाली माळ लिहिला, फौजेचा सराव लिहिला, स्टोव्ह उडवला आणि अशी काही सही ठोकली की जणू तहच करत होता. डॉक्टरांची सही घ्यायला स्वतः धावला. कागद ठाण्यात गेला आणि संध्याकाळच्या आत कवडू सुटला.

हा बहाद्दर मात्र त्यानंतर महिनाभर गावभर हिंडत होता. न्हाव्याकडे, पानठेल्यावर, एसटी स्टँडवर एकच टुमणं: "साऱ्या विदर्भात पहिला नऊशे नव्वद आपला!" जिजाबाईच्या पाठीची जखम भरून आली का, हे विचारायला वॉर्डात गेला? नाव नको. वास येतो ना तिथं.

पावसाळ्याच्या तोंडाशी जिजाबाई काठी धरून चालायला लागली. घरी न्यायच्या दिवशी कवडू गावठी आंब्यांची टोपली घेऊन आला. भोळाच तो. आईला म्हणाला, "माय, कागदवाल्या साहेबाले देऊन येतो."

"काऊन रे?" देवकाबाईनं टोपली ओढून घेतली. "ज्यानं हिरीत ढकललं, त्यालेच दोर टाकल्याची बिदागी देतं काय?"

बाबारावनं खिडकीतून टोपली येताना पाहिली. टेबलावरचे कागद बाजूला सारून जागा केली. टोपी नीट केली. टोपली खिडकीसमोर आली आणि न थांबता पुढं गेली, सरळ बंडूजीच्या मलमपट्टीच्या खोलीत. मागोमाग काठी टेकत जिजाबाई गेली. तिनं खिडकीकडे पाहिलंही नाही. हा कोण, हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं.

"या लोकांना कृतज्ञता म्हणून नाही," बाबाराव मला म्हणाला.

मी म्हटलं, "त्याचाही नंबर असेल बघा, बाबाराव. शोधा." आणि तो भला माणूस खरोखरच फडकं सोडायला लागला.