गाडी आत, मालक कोर्टाबाहेर

आमची गाडी चार महिने घरातच अटकेत होती.

गुन्हा काहीच नव्हता. पुण्याच्या धायरीतल्या आमच्या बैठ्या घरामागे पत्र्याची शेड आहे, तिथे ती उभी असते. आम्ही आठवडाभर एसटीने मुलीकडे गेलो (गाडीला विश्रांती म्हणून!), आणि तेवढ्यात शेजारच्या बोरकरांनी मधल्या बोळात कुंपणाची भिंत बांधून काढली. आता बोळातून मी जेमतेम निघत होतो, तोही पोट आत घेऊन!

"अहो बोरकर, गाडी कशी काढायची?"

"तो तुमचा प्रश्न. भिंत माझ्या जागेत आहे."

झालं! माझं डोकं फिरलं. "आधी वकील गाठा," माझी बायको शुभांगी म्हणाली.

"वकील कशाला? चाळीस वर्षं पेपर वाचतोय मी!"

(पेपरात मी फक्त शब्दकोडं सोडवतो, हे तिने तेव्हा बोलून दाखवलं नाही. नंतर दाखवलं.)

अर्ज लिहून पोलीस चौकी गाठली.

"मारामारी झाली का, काका?" हवालदाराने विचारलं.

"नाही."

"शिवीगाळ?"

"मी सुसंस्कृत माणूस आहे!"

"मग हितं काय काम? हे दिवाणी हाय. कोर्टात जा."

कुठल्या कोर्टात, हे विचारणं मला कमीपणाचं वाटलं. स्वतःच्या अकलेने मी ग्राहक आयोगात गेलो. तिथल्या बाईंनी चष्म्यावरून पाहिलं.

"बोरकरांकडून आपण काय विकत घेतलंत?"

"विकतचं दुखणं!"

"त्याची दाद इथे मिळत नाही."

अडवलेला रस्ता तहसीलदार मोकळा करून देतात, असं एका लग्नाच्या पंगतीत ऐकलं होतं. तिथे गेलो. कारकून म्हणाला, "शेतरस्ता असेल तर बोला. शेत आहे?"

"कढीपत्ता आहे."

मागची सगळी रांग हसली.

मग शिवाजीनगरच्या कोर्टांकडे मोर्चा वळवला. घाईघाईत एका इमारतीत शिरलो.

"समोरच्या व्यक्तीशी किती वर्षांचा संबंध?" टेबलावरच्या बाईंनी आपुलकीने विचारलं.

"अठरा."

"पुन्हा जमवून घ्यायची इच्छा आहे?"

"मुळीच नाही!"

तेव्हा कुठे भिंतीवरची पाटी दिसली: कौटुंबिक न्यायालय. आणखी पाच मिनिटं बसलो असतो तर माझा बोरकरांपासून घटस्फोट झाला असता!

अखेर शुभांगीने मला हाताला धरून वकिलांकडे नेलं. त्यांना दोन मिनिटं पुरली. "खाजगी जागेचा वाद, जागा पुण्यात, म्हणजे इथलं दिवाणी न्यायालय. दावा तयार करतो. तेवढी सरकारी मोजणी करून घ्या, म्हणजे हद्द कळेल."

मोजणीदार आला. त्याने यंत्र लावलं, नकाशा पाहिला, भिंतीकडे ढुंकूनही पाहिलं नाही आणि सरळ आमच्या न्हाणीघरात शिरला!

"हद्द इथून जाते," नळ आणि बादलीच्या मधोमध बोट ठेवत तो म्हणाला.

म्हणजे नळ माझा, पण आंघोळ बोरकरांच्या जागेत! गाडी सोडवायला निघालो होतो, आता न्हाणीघर जायची पाळी आली.

मोजणी भिंतीवरून बघितलेले बोरकर संध्याकाळी हजर. आवाजात साखर. "तुम्हाला अनुभव आहे म्हणून विचारतो. असल्या दाव्यासाठी नेमकं कुठे जावं लागतं?"

मी चेहरा शक्य तितका सरळ ठेवला. "आधी पोलीस चौकी. मग ग्राहक आयोग. तिथून तहसील. तिथे कढीपत्त्याचा उल्लेख आवर्जून करा."

बोरकर भक्तिभावाने लिहून घेत होते. तेवढ्यात शुभांगी चहा घेऊन आली.

"भाऊजी, यांचं काय ऐकताय? शिवाजीनगरचं दिवाणी न्यायालय. दावा आमच्याकडे तयारच आहे. वादी-प्रतिवादीची नावं तेवढी उलटी करून घ्या!"

बोरकर इतके हसले की चहा सांडला. दुसऱ्याच दिवशी त्यांनी आपणहून भिंत पाडली आणि न्हाणीघराला हात लावला नाही. भला माणूस! मला अगदी ओशाळल्यासारखं झालं.

गाडी सुटली. मी मात्र अजून रोज सकाळी खांद्यावर टॉवेल टाकून आधी शेजारी हाक मारतो, "बोरकर, आंघोळीला येऊ का?"