गुडघे सरळ

माझे काका उड्या मोजायचे. हसू नका, पगार मिळायचा त्याचा! खेळाडूंची निवड असली की हॉलमध्ये ते घड्याळाला जोडलेली रबरी चटई अंथरून बसत. पाय चटईवरून सुटले की घड्याळ सुरू, टेकले की बंद. जितका जास्त वेळ हवेत, तितकी उंच उडी. लबाड पोरं उतरताना गुडघे दुमडत, म्हणजे पाय उशिरा टेकतात आणि फुकटची उंची मिळते. अशी उडी काका तिथल्या तिथे रद्द करत. सख्ख्या भावाचीही त्यांनी गय केली नसती, आणि तो भाऊ म्हणजे माझे वडील.

अमका खेळाडू हवेत थांबतो, असं कुणी म्हटलं की त्यांचं डोकं फिरे.

"कुणी थांबत नाही रे! वर जाताना वेग मरत जातो. उडीचा वरचा पाव हिस्सा पार करण्यातच निम्मा वेळ जातो, म्हणून डोळे फसतात. भलेभलेही सेकंदाच्या आत खाली."

त्यांची मुलगी, आमची ताई, व्हॉलीबॉलच्या संघात जाण्यासाठी जिवाचं रान करत होती. निवडीच्या दिवशी प्रत्येकीला तीन उड्या. ताईच्या पहिल्याच उडीला घड्याळाने सेकंदाच्या वरचा आकडा दाखवला.

"गुडघे वाकले. रद्द!"

दुसरीलाही तेच. ताई रडकुंडीला आली. "बाबा, नीट बघा ना. सरळ होते पाय."

काका फरशीला गाल टेकवून आडवे झाले. मी घड्याळापाशी उभा होतो. ताई उडाली. पाय अगदी सरळ, बोटं खाली रोखलेली. आकडे पळत राहिले आणि ती तिथेच होती. वेणी पाठीवर स्वस्थ पडलेली. ताई वरून आमच्याकडे बघत होती, तिलाही काही कळत नसावं. मग ती उतरली, चटईचा आवाजही न करता.

काका उठले. चेहरा पांढराफटक.

"गुडघे वाकले," ते म्हणाले. "रद्द."

निवड करणाऱ्यांपैकी कुणीही हरकत घेतली नाही. आपण काही पाहिलंय, हेच त्यांना नको होतं. मला मात्र काकांचा भयंकर राग आला.

घरी जाताना ताई हुंदके देत होती. काकांनी तिचं मनगट धरलं होतं. मला वाटलं, समजूत घालतायत. जवळ गेलो तेव्हा दिसलं, ते तिला खाली ओढून धरत होते.