खिम्यावरचं रताळं

नवऱ्याला, पुंजाजीला, स्मशानात पोचवून सोजराबाई घरी आली, आणि त्याच संध्याकाळी डाकबंगल्यावर पाहुणे उतरले. तिनं डोळे पुसले आणि भात टाकला. मोताळ्याच्या त्या बंगल्याची चूल एक दिवसही विझली नाही.

पुंजाजी बंगल्याचा खानसामा होता. ती कांदा चिरायची, मसाला वाटायची. इंग्रजी पदार्थांची नावं तिच्या तोंडात बसत नसत. हात मात्र सगळं शिकत होते.

महाराष्ट्र होऊन दुसरं वर्ष चालू होतं. बांधकाम खात्यानं तिला नवऱ्याच्या जागी तात्पुरतं ठेवलं होतं. ओव्हरसियर भगवंतरावांना मात्र अकोल्याचा खानसामा हवा होता, पांढरा कोट घालणारा. ते तिच्याशी वाईट बोलत नसत. पण तिच्या चुलीवरचं काही कधी तोंडातही घालत नसत. त्यांचा डबा घरून येई. कारण तिला ठाऊक होतं. ती विचारत नसे.

एक दिवस ते स्वयंपाकघराच्या दारात उभे राहिले.

"उद्या दस्तूर साहेब येऊन राह्यले. मुंबईचे मोठे इंजिनियर. पुंजाजीच्या हातचा शेफर्ड पाय त्यांनी खाल्लेला हाये. तोच पाहिजे म्हणतात. जमला तं तुमची नोकरी पक्की. नाही जमला तं अकोल्याचा माणूस तयारच हाये."

शेफर्ड पाय म्हणजे खाली मटणाचा खिमा, वर कुस्करलेल्या बटाट्याचा जाड थर, आणि तो थर तांबूस होईपर्यंत भाजलेला. सोजराबाईनं तो कितीदा पाहिला होता. एकटीनं कधी केला नव्हता.

ती बाजारात गेली. बटाटा नव्हता.

"आता कुठचा बटाटा वं बाई?" भाजीवाली रुखमाबाई हसली. "उद्या शिवरात्र. सारं गाव उपाशी राह्यणार हाये, मंग बटाटा उरंल का? हे रताळे घेऊन जाय. उपासाले चालतात."

"मले कुठचा उपास!"

बौद्ध झाल्यापासून तिच्या घरात शिवरात्र नव्हती. तरी तिनं रताळी घेतली. दुसरं होतंच काय?

घरी येईपर्यंत तिनं सगळं मनात रचलं. उकडलं तर रताळं पाणी धरतं. म्हणून दुसऱ्या दिवशी तिनं ती सालासकट गरम राखेत भाजली. गोडी आवरायला हिरवी मिरची ठेचून घातली. मीठ, लिंबू, लोण्याचा गोळा. खिमा मुद्दाम झणझणीत केला. पुंजाजीची पत्र्याची भट्टी त्याच्यामागे पडून गंजली होती. मग तिनं रोडग्यांची रीत धरली. शेतातल्या पंगतीला कणकेचे रोडगे भाजतात, तसा अंगणात गोवऱ्यांचा आर केला. भांडं त्यात बसवलं. वर तवा झाकला आणि तव्यावरही निखारे ओतले.

तवा उचलला तेव्हा रताळ्यानं सोनेरी पापुद्रा धरला होता. तिनं भांडं आत नेऊन ओट्यावर ठेवलं. वास व्हरांड्यापर्यंत गेला, आणि त्या वासामागे भगवंतराव आत आले. उपासामुळे सकाळपासून त्यांच्या पोटात पाण्याशिवाय काही नव्हतं.

"रताळं! फराळाचं केलं का? हे बेस केलं, बाई!"

ती हात पुसत वळली, तोवर त्यांनी कडेचा एक चमचा उचललाही होता.

वरचं रताळं फराळासारखं दिसेल, हे तिच्या ध्यानातच आलं नव्हतं. चमच्यात नुसतं रताळं होतं. खालचा रस त्याला लागलेला, पण तो दिसत नव्हता. ती गप्प राहिली असती तर त्यांना कधी कळलंही नसतं. आणि भगवंतराव पहिल्यांदाच तिच्या हातचं खात होते.

तिनं त्यांचं मनगट धरलं.

"खाऊ नका. खाली मटण हाये."

चमचा खणकन पडला. भगवंतरावांचा चेहरा लाल झाला.

"आधी सांगता नाही येत?"

"तुम्ही माह्या भांड्यात चमचा घालसान, हे मले काय ठाऊक?"

तेवढ्यात बाहेर जीप थांबली. सारवासारव करायला वेळ उरला नाही. भांडं तसंच टेबलावर गेलं, कडेच्या खड्ड्यासकट.

दस्तूर साहेबांनी खड्डा पाहिला. "माझ्याआधी कोण जेवलं?"

भगवंतराव भिंतीशी उभे होते. शिवरात्रीच्या दिवशी, मटणाच्या भांड्यात त्यांचा चमचा! गावात कळलं असतं तर पुढचं वर्षभर लोकांना विषय झाला असता.

"मी," सोजराबाई म्हणाली. "मीठ पाह्यलं, साहेब."

साहेब जेवू लागले. पहिल्या घासाला थांबले. दुसऱ्याला भुवया उंचावल्या. मग अर्धं भांडं संपलं.

"पुंजाजीचा असा नव्हता."

"नाही, साहेब. त्याचा बटाट्याचा होता."

"हं." साहेबांनी पुन्हा वाढून घेतलं आणि मान वळवली. "भगवंतराव, तुमचा तो अकोल्याचा माणूस कधी येतोय?"

भगवंतरावांनी एकदा तिच्याकडे पाहून घेतलं, मग खाली पाहिलं.

"त्याले नाही म्हणून कळवतो, साहेब. बाईच राहू द्या. खात्री मी देतो."

"ठीक." साहेबांनी कडेचा करपट पापुद्रा चमच्यानं खरवडला. "बाई, उद्या बटाटा आला, तर पुंजाजीसारखा एकदा कराल?"

सोजराबाईनं रिकामी ताटली उचलली.

"बटाटा येईल, साहेब," ती म्हणाली. "पण मी रताळ्याचाच करीन."