कोठडीतली जिरेनियमची कुंडी

"कुंडी खरी होती, एवढंच उद्या कोर्टात सांगायचं," प्रॉबर्टसाहेब म्हणाले.

"खरी कुंडी आठ हजार वेळा रंगवावी लागत नाही, साहेब," हल्डा म्हणाली.

"हळू बोल. आपले वकील जिन्यात आहेत."

मी शेजारच्या टेबलावर फिल्मचे तुकडे चिकटवत होते. हात चालू ठेवले.

हल्डा क्रेमर आधी फिलाडेल्फियातच चिनी मातीच्या बशांवर गुलाब काढायची. आमच्या, म्हणजे प्रॉबर्टसाहेबांच्या, सिनेमा कंपनीत आली ती १९०६ साली. कंपनीचा धंदा सरळ होता: दुसऱ्याचा सिनेमा आणायचा, नक्कल उतरवायची, आपल्या नावाने विकायची. त्याला कंटाळून एका कंपनीने आपल्या सिनेमाच्या दृश्यादृश्यात भिंतीवर खूण म्हणून पत्र्याची घंटा ठोकली. ती झाकणं हे हल्डाचं काम. भिंग लावून, तीन केसांच्या कुंचल्याने, फिल्मच्या एकेका चौकटीत ती घंटेवर जिरेनियमची कुंडी काढायची. दिवाणखान्यात ती शोभली. घंटा तुरुंगाच्या कोठडीतही होती, म्हणून कुंडी तिथेही गेली. हाताने काढलेली पानं पडद्यावर थरथरायची. फाशीच्या कैद्याशेजारचं ते थरथरतं रोप पाहून बाया हमसून रडल्या. सिनेमा धो धो चालला.

मग न्यूयॉर्कच्या एकाने आमच्या नकलेची नक्कल केली, कुंडीसकट. चोरीचा साहेबांना इतका संताप आला की तीन दिवस त्यांना जेवण गेलं नाही. त्यांनी दावा ठोकला.

"अख्ख्या सिनेमात आपलं असं काय आहे? ती कुंडी," साहेब म्हणाले. "पण तू रंगवलीस म्हणालीस, की विचारतील, खाली काय होतं."

"घंटा होती."

"तेच तर. म्हणून कुंडी मी बाजारातून आणली आणि तू तिला रोज पाणी घालायचीस. बायबलवर हात ठेवून सांगायचं."

"पाणी घालायचे मी?"

"त्यात कमीपणा कसला?"

हल्डाने चष्मा काढला. दोन वर्षांत त्याची काच दुप्पट जाड झाली होती. "माझ्या हातचं म्हणून लोकांनी तेवढंच पाहिलंय, साहेब."

"ते तुझ्या हातचं आहे हे लोकांना कुठे ठाऊक आहे?"

"उद्या ठाऊक झालं असतं."

वकील आत आले. "मिस क्रेमर, उद्या पहिला प्रश्न हाच येईल, ही कुंडी कोणाची? काय सांगाल?"

हल्डाने कुंचला पुसला, रुमालात गुंडाळला आणि पिशवीत टाकला. याआधी तो तिने कधी घरी नेला नव्हता. टोपी घातली आणि वकिलांच्या शेजारून जिना उतरून गेली.