बुलेटिनमधल्या चार जादा ओळी

माझ्या आवाजाची पहिली चाचणी चार मिनिटांत संपली. काचेच्या पलीकडे तिघं जण बसले होते. मधल्या साहेबांनी चष्मा कपाळावर चढवला, समोरचं बटण दाबलं आणि माझ्या कानाला लावलेल्या हेडफोनमध्ये त्यांचा आवाज आला, "बाई, आवाज उत्तम आहे तुमचा. पण हा आवाज पाणी पीत नाही, पानी पितो."

शेजारचे दोघे हसले. मीही हसले, कारण मला विनोद कळलाच नव्हता. त्या दोन शब्दांतला फरक मला तेव्हा ऐकूही येत नव्हता. आमच्या गावात सगळेच पानी प्यायचे. गाव म्हणजे कर्वेनगरच्या पलीकडचं, बस जिथे वळून परत जायची तिथून पुढचं. वडिलांची शेती होती, चार म्हशी होत्या. मराठी घेऊन बी.ए. झालेली मी घरातली पहिलीच. रेडिओवर बातम्या वाचायला माणसं हवीत, अशी जाहिरात आली आणि मी कुणाला न विचारता अर्ज टाकला.

चाचणीत काय झालं ते मी दुसऱ्या दिवशी कॉलेजातल्या माझ्या प्राध्यापिकांना सांगितलं. त्यांनी चिठ्ठी लिहून मला सदाशिव पेठेत त्यांच्या आईकडे पाठवलं. आई म्हणजे निवृत्त मुख्याध्यापिका. सगळी पेठ त्यांना बाईच म्हणायची. दार उघडून त्यांनी चिठ्ठी वाचली आणि विचारलं, "कशाला आलात?"

"बातम्या वाचायच्यात."

"वर्तमानपत्र येत नाही का घरी?"

"रेडिओवर," मी म्हटलं. तेव्हा म्हणाल्या, "या आत. चपला बाहेर. आणि उद्यापासून पाच वाजता म्हणजे पाच वाजता. सव्वापाचला मी दार उघडत नाही."

त्यांची शिकवण्याची रीत वेगळी होती. मला बाहेरच्या खोलीत बसवायच्या, हातात वर्तमानपत्र द्यायच्या आणि स्वतः स्वयंपाकघरात जाऊन मटार सोलायला बसायच्या. मधे भिंत. "मला तुमचं तोंड दिसता कामा नये," म्हणायच्या, "रेडिओ ऐकणाऱ्याला कुठे दिसतं?" मी अग्रलेख वाचायचे आणि आतून मधेच हाक यायची, "कोण? कोन नव्हे, कोण! कोन भूमितीत असतो." जीभ मागे वळवून टाळूला लावायची आणि मग सोडायची, हे त्यांनी मला आरशासमोर उभं करून शिकवलं. महिनाभरात मला ण यायला लागला आणि मग तो आवरेना. मी मणुष्य म्हणायला लागले, विमाण म्हणायला लागले. आतून आवाज आला, "आता त्या विमानानं तुमचं काय बिघडवलंय?"

पण एक गोष्ट त्यांनी पहिल्याच आठवड्यात बजावली होती. "हे सगळं घरी जाऊन बोलायचं नाही. आईशी आईसारखंच बोलायचं. तुमची भाषा चुकीची नाही. ती रेडिओवर चालत नाही, एवढंच. आणि तुमच्या भाषेत तुम्ही कधी अडखळत नाही, ते सुख इथल्या किती जणांना आहे?" हे वाक्य मी पुढे अनेकदा स्वतःला म्हणून दाखवलं. आठ महिने मी रोज सायकलनं गेले. त्यांनी काही घेतलं नाही. शेतातली मेथी नेली की मात्र घ्यायच्या, आणि तीही निवडून का आणली नाही म्हणून बोलायच्या.

दुसऱ्या चाचणीला काचेपलीकडे तेच साहेब होते. मी पानभर वाचलं. त्यांनी बटण दाबलं नाही, उठून आत आले. "कुठे शिकलात?" मी सांगितलं. ते म्हणाले, "मग बरोबर. त्यांनी मलाही पट्टी मारलेली आहे."

पहिलं बुलेटिन सकाळचं होतं. सुरुवातीला आपलं नाव सांगायचं असतं. आमचं आडनाव गावात तीस घरांचं. सातबाऱ्यावर, लग्नपत्रिकेवर, निवडणुकीच्या यादीत ते होतं, पण रेडिओवर ते कुणी कधी ऐकलं नव्हतं. लाल दिवा लागला आणि मी ते उच्चारलं.  आवाज हलला नाही. दहा मिनिटांचं बुलेटिन, शेवटची बातमी हवामानाची. घड्याळाचा काटा जागेवर आला आणि माझं शेवटचं वाक्य संपलं.

घरी गेले तर वडील गोठ्यात होते. गावातली माणसं डेअरीवर रेडिओ लावून उभी राहिली होती आणि दुधाच्या किटल्या तशाच ठेवून बातम्या संपेपर्यंत कुणी हललं नव्हतं, हे मला नंतर कळलं. वडिलांनी तसं काही सांगितलं नाही. म्हशीच्या पाठीवरून हात फिरवत ते म्हणाले, "येळेवर संपिवलंस. मी घड्याळ बगत व्हतो." त्यांच्याकडून एवढं म्हणजे पुष्कळ होतं. दुपारी ते उगीचच पारावर जाऊन बसले, हेही मी पाहिलं.

मग ते रोजचंच झालं. लग्न झालं, मुलगी झाली. मी पहाटे उठून, कोमट पाणी पिऊन, न बोलता घराबाहेर पडायचे. आवाज तापेपर्यंत बोलायचं नाही, हा माझा नियम. सर्दीचं मला अतोनात भय वाटायचं. ताक मी वर्षानुवर्षं सोडलं. परदेशी नावांच्या उच्चारांसाठी एक वही केली होती, तिच्यातून शेजारच्या टेबलावरचे लोकही नावं उतरवून घ्यायचे. कॅज्युअल म्हणून, म्हणजे तात्पुरती, लागले होते, हळूहळू सकाळची मुख्य बुलेटिनं माझ्याकडे आली.

आता त्या चार ओळींच्या सकाळबद्दल सांगते. पावसाळा होता, धरण भरलं होतं आणि आदल्या दिवसापासून घाटात पाऊस थांबलेला नव्हता. मी ड्यूटीवर आले तेव्हा संपादक फोनवर होते. संपादक म्हणजे आमचे वरिष्ठ, शिस्तीचे, शब्दाला शब्द तोलणारे गृहस्थ. त्यांनी मजकूर पुढे सरकवला. पहिल्याच बातमीत लिहिलं होतं, धरणातून मुठा नदीच्या पात्रात होणारा विसर्ग इतक्या क्युसेकपर्यंत वाढवण्यात येत असून नदीकाठच्या नागरिकांनी सतर्क राहावे.

माझी सख्खी आत्या नदीकाठच्या वस्तीत राहायची. मी ते वाक्य तिच्या कानांनी वाचून पाहिलं आणि मला त्यातलं काहीही कळलं नाही.

"साहेब," मी म्हणाले, "पाणी वस्तीत शिरणार का?"

"मजकुरात आहे तेवढंच आपल्याला माहीत आहे."

"मी पाटबंधारे खात्यात विचारू?"

"विचारा. पण मजकूर आला तसा वाचायचा. आपण वाचतो, लिहीत नाही."

मी फोन लावला. पलीकडचा अभियंता थकलेला होता. तो सरळ म्हणाला, "दुपारपर्यंत शिरणार, बाई. खालच्या सगळ्या वस्त्यांत. आम्ही गाड्या पाठवतोय, पण कुठे कुठे पोचणार?" मी ते कागदावर उतरवून घेतलं, वेळ लिहिली, त्याचा हुद्दा लिहिला. कागद संपादकांना दाखवायला वळले तर ते पुन्हा दुसऱ्या फोनवर होते आणि बुलेटिनला दोन मिनिटं उरली होती. मी कागद त्यांच्या टेबलावर, त्यांच्या हातासमोर ठेवला आणि आत गेले.

लाल दिवा लागला. पहिली बातमी मी आली तशी वाचली. मग थांबले. रेडिओवर दोन सेकंदांची शांतता फार मोठी असते. नंतर म्हणाले, "म्हणजे, नदीकाठच्या वस्त्यांमध्ये आज दुपारपर्यंत पाणी शिरणार आहे, असं पाटबंधारे खात्याच्या अभियंत्यांनी सांगितलं आहे. म्हातारी माणसं, लेकरं, जनावरं घेऊन आत्ताच वर जा. सामानासाठी थांबू नका. शेजाऱ्यांना सांगा." आणि पुढच्या बातमीला लागले.

काचेतून मला संपादक उभे राहिलेले दिसले. त्यांच्या हातात माझा कागद होता. चेहऱ्यावरून काही समजत नव्हतं. बाकीचं बुलेटिन मी कसं वाचलं ते मला आठवत नाही, पण ध्वनिमुद्रण नंतर ऐकलं, त्यात एकही चूक नाही.

बाहेर आल्यावर ते म्हणाले, "तुम्ही लेकरं म्हणालात."

"हो."

"बुलेटिनमध्ये लेकरं?"

"त्या वस्त्यांमध्ये लेकरंच म्हणतात, साहेब. बालकं म्हटलं असतं तर त्यांना दुसऱ्या कुणाची वाटली असती."

ते माझा कागद घेऊन टेबलाकडे वळले. संध्याकाळी मला मेमो मिळाला. संमत मजकुराबाहेरचं वाक्य प्रसारित केल्याबद्दल खुलासा द्यावा, आणि तोपर्यंत बुलेटिनवर नेमणूक नाही. सही संपादकांचीच होती. पण त्याआधी, दुपारच्या बुलेटिनचा मजकूर दुसऱ्या वाचकाकडे गेला तेव्हा मी तिथेच बसले होते. पहिल्या बातमीखाली त्यांच्या वळणदार अक्षरात चार ओळी वाढवलेल्या होत्या. "सुरक्षित स्थळी स्थलांतर करावे" असं लिहून ते त्यांनीच खोडलं होतं आणि वर लिहिलं होतं, "आत्ताच वर जा." लेकरंही तशीच ठेवली होती.

दोन दिवस रस्ते बंद होते. तिसऱ्या दिवशी मी चिखलातून वाट काढत वस्तीत गेले. भिंतींवर खिडकीच्या वर पाण्याची रेघ उठली होती. आत्या महापालिकेच्या शाळेत उतरली होती, बाकावर पाय घेऊन बसली होती. मला पाहून तिनं शेजारणीला कोपरानं ढोसलं. "ही बघ. हीच ती."

"आत्या, तू ऐकलंस?"

"मग! रोजच लावते की रेडिओ. समजत काय न्हाई त्यातलं, पर आवाज आपल्या पोरीचा हाय म्हनून लावते." तिनं पदरानं तोंड पुसलं. "त्या दिशी मातर समजलं. तू म्हनलीस आत्ताच, आन मी भाजी चुलीवरनं खाली उतरिवली आन सगळ्या आळीत बोंबलत गेले. पयल्यांदा कुनी उठंना. मी म्हनले, आरं माझी भाची सांगतीया रेडिओत! मग उठले."

त्या आळीतलं एकही माणूस पाण्यात अडकलं नव्हतं. भांडीकुंडी गेली, कोंबड्या गेल्या, एक शिलाई मशीन गेलं. शाळेच्या त्या खोलीत माणसं मात्र सगळी होती. मी मोजत बसले नाही, पण त्यांच्याकडे बराच वेळ पाहत उभी राहिले. मला रडू आलं नाही. ऊर भरून आला, तो अभिमानानं, आणि तसं सांगायला मला आजही संकोच वाटत नाही.

खुलासा मी एकाच वाक्याचा दिला: माहिती खात्री करून घेतलेली होती आणि ती कळायला हवी होती. पंधरा दिवस मी घरी बसले. सोळाव्या दिवशी ड्यूटीचा तक्ता आला, त्यात सकाळचं बुलेटिन माझ्या नावावर होतं. संपादकांनी त्या विषयावर पुन्हा कधी चर्चा केली नाही. फक्त त्यानंतर कुठलीही सूचना आली की ते मजकूर माझ्याकडे सरकवायचे आणि खाली मान घालून विचारायचे, "तुमच्या आत्याला कळेल का?"

टीव्हीवर मी बऱ्याच वर्षांनी गेले. पुण्यातून मराठी बातम्या सुरू करणाऱ्या एका वाहिनीला अनुभवी वाचक हवे होते. मी चाळिशी ओलांडलेली, केसांत पांढरं दिसणारी. मेकअप करणाऱ्या मुलीनं ते झाकायला घेतलं तर मी म्हटलं, राहू दे. कॅमेऱ्याखाली सरकत जाणारी अक्षरं वाचायची आणि तरी समोरच्या माणसाच्या डोळ्यांत पाहतोय असं दिसलं पाहिजे, हे मला जमायला दोन महिने लागले. रेडिओवर मी हातांनी बोलायचे, कुणाला दिसायचं नाही. इथे हात बांधून बसावं लागायचं. पण जमलं. रिक्षावाले आरशातून पाहून विचारायला लागले. स्वारगेटला एका बाईंनी मला थांबवून माझ्या साडीचा पोत विचारला, बातमीबद्दल अवाक्षर नाही. पुण्यात यालाही कौतुकच म्हणतात.

आईला तोवर जवळजवळ ऐकू येईनासं झालं होतं. वडील गेल्यापासून ती फारशी बोलतही नसे. पहिल्या बुलेटिनच्या दिवशी भावानं तिला टीव्हीसमोर बसवलं. तिनं चष्मा पुसून घातला आणि पंधरा मिनिटं जागची हलली नाही. दुसऱ्या दिवशी मी भेटायला गेले. ती अंगणात लसूण सोलत होती. मी तिच्याजवळ बसून, कानाशी तोंड नेऊन विचारलं, "आई, बघितलंस का? काय ऐकू आलं?"

तिनं मान हलवली. "काय बोललीस ते काय ऐकू न्हाई आलं."

मग हातातली लसणाची पाकळी खाली ठेवून माझ्याकडे बघत म्हणाली, "पर येवढा येळ बोलत व्हतीस, आन मधी कुनी बोललं न्हाई."