दिवस खाणारी गाडी

चार म्हातारे एकत्र बसले आणि त्यात मी असलो, की कोणीतरी विचारतंच, "बाबूजी, ते गाडी खरंच होती का?" मग एक किस्सा सांगितला की त्याच्या मागून दुसरा निघतो. चहा थंड होतो, पण किस्से संपत नाहीत.

इंग्रजांच्या राज्याची शेवटची काही वर्षं मी गोंदियाला त्या गाडीच्या डेपोत तिकीटबाबू होतो. गाडी म्हणजे मागे एक बंद लाकडी डबा आणि पुढे उघड्यावर ड्रायव्हर रामरतनची बैठक. कोळसा नाही, पेट्रोल नाही, बैल नाही. चिचगडला जायला बैलगाडीनं दोन दिवस लागत. आमची गाडी रामरतनची एक विडी संपेपर्यंत पोहोचायची. पण डब्यात बसलेल्याला ते दोन दिवस पूर्ण काढावे लागत. तिथंच जेवायचं, तिथंच झोपायचं. माणसांचे दिवस खाऊनच ती पळायची. डबा रिकामा असला तर जागची हलत नसे.

लोक बसायचे, पण विश्वास कोणाचाच नव्हता. उतरल्यावर आधी आपलं गाठोडं तपासायचे, मग आमच्याकडे बघायचे.

*

शालिक गवळ्यानं एकदा ताज्या दुधाची चरवी डब्यातल्या उतारूंबरोबर चिचगडला पाठवली. घटकाभरात चरवी परत आली, आतलं दूध नासलेलं. शालिक माझ्या टेबलापाशी येऊन उभा राहिला. सकाळी काढलेलं दूध एवढ्यात नासतं कसं, रामरतननंच त्यात काहीतरी टाकलं असणार, असं त्याचं म्हणणं. मी समजावून थकलो.

दुसऱ्या दिवशी तो स्वतः चरवी मांडीवर घेऊन डब्यात बसला. चिचगडला दार उघडलं तेव्हा दाढीचे खुंट वाढलेले, डोळे तारवटलेले. झाकण काढलं, वास घेतला आणि रामरतनला म्हणाला, "दोन दिवस डोया लावला नाई मी. तरी तू डाव साधलाच."

*

मग नागपूरहून एक तपासनीस साहेब आले. त्यांना पहिल्यापासून माझाच संशय. दोन घड्याळं त्यांनी दहाला बरोबर लावली. एक माझ्या टेबलावर ठेवलं, दुसरं खिशात घेऊन ते डब्यात बसले आणि जाऊन-येऊन परत आले. डब्यात त्यांनी पूर्ण चार दिवस काढले होते, घड्याळाला रोज चावी दिली होती. काटे फिरून फिरून पुन्हा दहावरच आलेले. माझ्या टेबलावरच्या घड्याळात दहा वाजून वीस मिनिटं.

साहेबांनी दोन्ही घड्याळं शेजारी धरून पाहिली. मग चार दिवसांची दाढी खाजवत माझ्याविरुद्ध शेरा लिहिला: बाबूचं घड्याळ वीस मिनिटं पुढे धावतं.

*

पटले भावांचं धानाच्या बांधावरून हाडवैर होतं. तहसीलदार साहेबाचा कॅम्प चिचगडला होता, तिथं दोघांची सुनावणी होती. दोघांनाही त्याच दिवशी पोहोचायचं, आणि डबा एकच. मी त्यांना दोन टोकांना बसवलं आणि दार लावलं.

सकाळीच दोघांनी एकमेकांविरुद्ध तक्रारीची तार केली होती. दुपारी ते एकाच फडक्यातली भाकर खात साहेबासमोर उभे राहिले आणि तंटा मिटला म्हणाले. साहेबाला ते पटेना. कोणी दमदाटी केली का, म्हणून त्यानं दोघांना वेगवेगळं विचारलं. थोरला म्हणाला, "कोणी नाई साहेब. पण दोन दिवस भिताडाशी किती बोलाचं?"

*

आता सगुणाचं सांगतो. सकाळच्या खेपेला चिचगडहून ती, तिची सात-आठ वर्षांची मुलगी कौतिका आणि सासरा डोमाजी, म्हणजे तिचे मामाजी, आले. मुलगी तापानं फणफणलेली. दवाखान्यातल्या डॉक्टरांनी मुदतीचा ताप सांगितला होता. एकवीस दिवस जपा, उतरेल. त्या दिवशी नववा होता. पण डोमाजीचा डॉक्टरवर भरवसा नव्हता. जवळच्या कुडवा गावच्या भगताला आणून पोरीच्या पोटावर तापलेल्या सळईनं डाग द्यायचं त्यानं ठरवलं होतं. दोघींना आमच्या ओसरीवर बसवून तो कुडव्याला गेला.

तो दिसेनासा होताच सगुणा माझ्याजवळ आली. थोरल्या मुलीला असाच डाग दिला होता, ती गेली, एवढंच तिनं सांगितलं. मग बोटांवर मोजून म्हणाली, "बारा दिवस बाकी हायेत, बाबूजी. मामाजी येतपर्यंत तुमची गाडी किती खेपा करते?"

जाऊन-येऊन तीन, मी म्हणालो. त्या डब्याचं तिलाही भय होतं. तरी ती मुलीला उचलून आत गेली.

निघताना, आणि मग प्रत्येक फेरीला गाडी परतली की, मी दार उघडून उकळलेलं पाणी आणि पेजेचं मडकं आत द्यायचो. पहिल्या फेरीला मुलगी बरळत होती. दुसऱ्या फेरीला ती गप्प होती, आणि सगुणा तिच्या ओठांवर बोटानं पेज लावत होती. तिसऱ्या फेरीला दार उघडायचा मला धीर होईना. रामरतननं उघडलं.

कौतिका दाराला धरून उभी होती. भूक लागली म्हणाली.

तेवढ्यात डोमाजी भगताला घेऊन आला. त्यानं नातीच्या कपाळाला हात लावला, काढला, परत लावला. मग माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी पोरगीच बदलली. घरच्या गाईचं नाव काय, असं त्यानं तिला दरडावून विचारलं. तिनं नाव सांगितलं, वासराचंही सांगितलं, आणि आजोबा, मले घरी न्या, म्हणाली. म्हाताऱ्यानं खांद्यावरच्या दुपट्ट्यानं डोळे पुसले आणि भगताला जायला सांगितलं.

मग डब्यातून सगुणा उतरली. गाल बसलेले, केसांच्या जटा, बांगड्या कोपरापर्यंत सरकलेल्या. पेज तिनं सगळी पोरीलाच घातली असावी. डोमाजी तिच्याकडे बराच वेळ बघत राहिला. मग माझ्याजवळ सरकून त्यानं हळूच विचारलं,

"पोट्टी तं आमचीच हाय, बाबूजी. पण हे बाई कोण होय?"